मेसोनाइटची खरखरीत बाजू

कूलर बसवायला आलेला मुलगा खिडकीत बसून, एक पाय आत आणि एक पाय लोखंडी स्टँडवर टाकून, बाजूची तपकिरी पट्टी खेचत होता. पट्टी निघाली, पण तिचा खालचा हातभर भाग त्याच्या मुठीतच राहिला. "काकू, हा पुठ्ठा सडून गेला न. फेकू का?" मी स्वयंपाकघरातून म्हटलं, "पुठ्ठा नाही रे, मेसोनाइट आहे ते." तो म्हणाला, "काय नाईट?" आणि हसत हसत त्यानं तो तुकडा खाली अंगणात टाकलाही. नागपुरात मार्चच्या शेवटी असे मुलं घरोघरी फिरत असतात, एका दुपारीत चार-चार कूलर बसवतात, वाळ्याच्या ताट्या बदलतात, मोटरला तेल देतात. कूलर खिडकीबाहेर, त्याचं तोंड खिडकीत, आणि तोंडाच्या आजूबाजूला जी फट राहते ती ज्याला जे सापडेल त्यानं बुजवायची, ही इथली रीत. कुणाकडे थर्माकोल असतो, कुणाकडे जुन्या पलंगाचं प्लाय, कुणाकडे एखाद्या नगरसेवकाच्या वाढदिवसाचा फ्लेक्स, ज्यातला नगरसेवक चार महिने उलटा हसत राहतो. आमच्याकडे बाबांनी मापानं कापून ठेवलेली मेसोनाइटची, म्हणजे लाकडाचे धागे दाबून केलेल्या पातळ, कडक शीटची पट्टी होती. तिची कड पाण्यानं फुगून भिजलेल्या पोळीसारखे पदर सुटले होते, हे खरंच. पण पुठ्ठा? ते मनाला लागलं. इतकं लागायचं काही कारण नव्हतं, तरी लागलं.

बाबा शाळेत चित्रकला शिकवायचे. एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटला बसणाऱ्या पोरांची फौज दर वर्षी तयार करायची, फळ्यावर चिनी मातीची बरणी आणि दोन संत्री काढून दाखवायची, आणि घरी आल्यावर उरलेल्या उजेडात स्वतःचं काहीतरी रंगवायचं, असा त्यांचा दिवस. ताणलेला कॅनव्हास त्या पगारात बसत नव्हता. म्हणून ते लकडगंजातून मेसोनाइटची अख्खी शीट सायकल रिक्षावर आणायचे, अंगणात दोन स्टुलांवर आडवी टाकून बारीक दातांच्या करवतीनं तिचे तुकडे करायचे. कापताना जो भुसा उडायचा तो लाकडाच्या भुशासारखा नसायचा. लोकरीसारखा मऊ, तांबूस, आणि उन्हात तरंगत राहणारा. मग सरस उकळायचा, त्यात खडूची भुकटी घालायची, तो लेप लावायचा, वाळवायचा, काचकागदानं घासायचा, पुन्हा लावायचा. सरसाच्या वासानं आईचं डोकं दुखायचं. ती म्हणायची, "या घरात चित्रापेक्षा चित्राची पाठच जास्त शिजते."

मेसोनाइटला दोन बाजू असतात. एक काचेसारखी गुळगुळीत, दुसरी जाळीदार, जणू कुणी ओलं असताना तिच्यावर तारेची चाळण दाबून ठेवली असावी. शाळेतल्या इतर चित्रकला शिक्षकांना ती जाळीची बाजू आवडायची, कारण ती लांबून कॅनव्हाससारखी दिसते आणि रंग तिच्यात चांगला धरतो. बाबांना ती मुळीच चालायची नाही. त्यांचं म्हणणं, "ती जाळी नीट बघ, सगळीकडे अगदी सारखी. कापडात सूत कुठे जाड येतं, कुठे गाठ येते. ही नक्कल आहे, आणि नक्कल उजेडात लगेच कळते." ते कायम गुळगुळीत बाजूवरच रंगवायचे. अंबाझरीचा बंधारा, रामटेकचा गड, फाल्गुनातला पळस. जाळीची बाजू भिंतीकडे. त्या बाजूवर पेन्सिलनं ते रंगांचे भाव लिहून ठेवायचे, कधी एखाद्या विद्यार्थ्याचा पत्ता, कधी दूधवाल्याचा हिशेब. आमच्या घरच्या चित्रांच्या पुढून निसर्ग आहे आणि मागून किराणा.

लहानपणी मला वाटायचं की मेसोनाइट हा दगड आहे. ग्रॅनाइट, बॉक्साइट, डोलोमाइट यांच्याच रांगेतला. आमच्या शेजारचे काका सेमिनरी हिल्सवरच्या जिऑलॉजिकल सर्व्हेत होते. त्यांच्या घरी खिडकीच्या चौकटीवर मॅंगनीजचे काळे जड गोळे ओळीनं मांडलेले असायचे, मनसर-कांद्रीकडचे. मी त्यांना विचारलं, तर ते न हसता म्हणाले, "मेसोनाइट नावाचं खनिज खरंच आहे. अमेरिकेत ऱ्होड आयलंडला सापडलेलं, करडं-हिरवं, तिथल्या ओवेन मेसन नावाच्या गृहस्थाच्या नावावरून." मग त्यांनी जाडजूड कोशातून पान काढून दाखवलं. संध्याकाळी अंगणात बाबा आणि काका चहा पिताना यावरून बराच वाद झाला. बाबा म्हणत होते, शीटवालं मेसोनाइट जगात जास्त लोकांना माहीत आहे, म्हणून तेच खरं. काका म्हणत होते, शीट कालची, दगड कोट्यवधी वर्षांचा. दोघांचंही बरोबर होतं, असं आता म्हणता येतं. तेव्हा मी बाबांच्या बाजूनं होते, आणि मनातून थोडी खट्टू, कारण दगड असता तर जास्त बरं वाटलं असतं.

शीटला नाव देणारा मेसन वेगळा. विल्यम मेसन. हा एडिसनकडे काम केलेला माणूस पुढे मिसिसिपी राज्यातल्या लॉरेल या गावी आला. लॉरेल म्हणजे पाइनच्या जंगलातलं आरागिरण्यांचं गाव. ओंडके चिरताना निघणाऱ्या ढलप्या आणि कडा नुसत्या जाळल्या जात. त्या वाया जाणाऱ्या लाकडाचं काहीतरी करावं, हा त्याचा ध्यास. त्यानं काय केलं, तर ढलप्या पोलादाच्या जाड नळकांड्यात भरल्या, आत वाफ सोडली, दाब दर चौरस इंचाला हजार पौंडांच्या आसपास नेला, काही सेकंद धरला आणि एकदम तोंड उघडलं. ढलप्यांच्या आत शिरलेली वाफ अशी सुटली की लाकडाचा धागा न धागा मोकळा झाला. या यंत्राला कारखान्यात 'गन' म्हणत. फुटाण्यांच्या भट्टीपाशी उभं राहिलेल्या कुणालाही हे तत्त्व समजावून सांगायला नको. त्या ओल्या धाग्यांची लगदेदार चटई जाळीवर पसरून गरम दाबयंत्रात घालायची. जाळी कशासाठी, तर पाणी आणि वाफ निघून जायला वाट हवी. बाबा ज्या जाळीला नक्कल म्हणायचे ती कशाची नक्कल नव्हतीच, ती पाण्याच्या वाटेची खूण होती. हे मला त्यांच्या पश्चात वाचायला मिळालं. सांगितलं असतं तरी त्यांनी बाजू बदलली नसती.

असं सांगतात की मेसनला मुळात इतकी टणक शीट करायचीच नव्हती. त्याला उष्णता अडवणारा हलका, फुसफुशीत बोर्ड हवा होता. १९२४ साली एकदा ओली चटई दाबयंत्रात ठेवून तो जेवायला गेला, वाफेची झडप गळकी निघाली, यंत्र तापतच राहिलं आणि परत येऊन बघतो तो पातळ, कडक, चकचकीत पत्रा तयार. गोष्ट जरा जास्तच गोंडस आहे. शोधांच्या अशा जेवणाच्या सुट्टीतल्या गोष्टींवर माझा फारसा विश्वास नाही. पण त्यातलं रसायन पक्कं आहे. लाकडात धाग्यांना एकमेकांशी बांधून ठेवणारं लिग्निन असतं. उष्णतेनं ते मऊ होतं, दाबानं पसरतं, गार झालं की पुन्हा धरतं. म्हणजे या शीटमध्ये वरून आणलेला सरस किंवा डिंक लागत नाही, झाड स्वतःचाच चिकट वापरून पुन्हा एकत्र येतं. १९२५ मध्ये मेसन फायबर कंपनी निघाली, १९२८ मध्ये तिचं नाव मेसोनाइट झालं, आणि मग ते नाव कंपनीच्या हातून सुटून लोकांच्या तोंडी गेलं. स्वीडनमध्ये तर तो रोजच्या बोलण्यातला साधा शब्द आहे, छोट्या अक्षरात लिहिला जाणारा.

याच कारखान्यातलं एक तपशील मला फार आवडलं. वाफेनं लाकूड फोडताना त्यातली काही साखरेसारखी द्रव्यं पाण्यात उतरतात. ते पाणी आटवलं की काळी, दाट मळी तयार होते. ती 'मेसोनेक्स' नावानं गुरांच्या खाद्यात घालायला विकली जायची. वाचलं आणि एकदम तोंडात चव आली. परीक्षेच्या पॅडचा कोपरा चावल्याची चव, जळक्या गुळाच्या जवळपासची. आमच्या वर्गात कोपरा न चावलेला पॅड एकाकडेही नसावा. आम्ही गुरं होतो, असं आमचे गणिताचे सर म्हणायचेच.

पॅड म्हणजे तेच मेसोनाइट, फक्त वर लोखंडी चाप. बर्डीवरच्या स्टेशनरीच्या दुकानात फेब्रुवारीत त्यांच्या थप्प्या लागायच्या. काहींवर पाढे छापलेले, काहींवर भारताचा नकाशा, काहींवर सिनेमातली नटी. नटीवाला पॅड परीक्षेला चालत नसे, पण विकला मात्र जायचा. बोर्डाच्या परीक्षेला स्वतःचा बोर्ड नेल्याशिवाय गत्यंतर नव्हतं, कारण केंद्र कुठल्या शाळेत येईल आणि तिथल्या बाकांवर आधीच्या पिढ्यांनी कंपासच्या टोकानं काय काय कोरून ठेवलं असेल, याचा भरवसा नाही. मार्चमधली नागपुरी दुपार, वर्गातला पंखा नुसता आवाज करणारा, मनगटाखाली घामाचा ओला डाग. उत्तरपत्रिकेवर डाग पडू नये म्हणून आम्ही हाताखाली रुमाल धरायचो, पण पॅडच्या कडेला घाम मुरायचा तो मुरायचाच. निकाल लागेपर्यंत पॅडची उजवी कड फुगलेली असायची. नुसता कागद त्या कडक पृष्ठभागावर ठेवला तर पेन टकटक वाजतं आणि अक्षर बारीक येतं. खाली दोन-तीन कागद जास्त घातले की अक्षराला गोलाई येते, ही युक्ती मोठ्या बहिणींकडून धाकट्यांकडे यायची. आता मुलं पारदर्शक प्लास्टिकचे पॅड नेतात. आरपार दिसतं, लपवायला काही जागा नाही. त्यांना चावताही येत नसेल.

पॅड, हार्डबोर्ड, मेसोनाइट, पुठ्ठा. आमच्याच घरात एका वस्तूला चार नावं होती आणि कुणाचं काही अडत नव्हतं.

नवी पट्टी हवी म्हणून मी लकडगंजात गेले. नावातच लाकूड असलेला हा भाग. चिरलेल्या सागाचा तो किंचित तेलकट, चामड्याजवळ जाणारा वास रस्त्यावरूनच नाकात शिरतो. नागपूर हे सागाचं शहर. 'सीपी टीक' हा शब्द लाकडाच्या व्यापारात अजून आदरानं घेतात. सेंट्रल प्रॉव्हिन्सेस जाऊन किती काळ लोटला, सागाच्या नावात तो प्रांत शिल्लक आहे. २०२३ साली दिल्लीत नवं संसद भवन उघडलं, त्यातला साग नागपूरहून गेला, याचा इथल्या लाकूडवाल्यांना जो अभिमान आहे तो रास्तच म्हणायचा. अशा बाजारात जाऊन मेसोनाइट मागणं म्हणजे सराफ्यात जाऊन पितळेची तार मागण्यातला प्रकार. पहिल्या दुकानातल्या पोरानं थेट एमडीएफ दाखवलं. दुसऱ्यानं प्लाय. तिसऱ्या दुकानात गल्ल्यावर म्हातारे शेठ होते. शब्द ऐकून त्यांनी चष्मा वर केला. "मेसोनाइट? ये नाम तो मेरे पिताजी लेते थे," असं म्हणून त्यांनी आत आवाज दिला, "हार्डबोर्ड निकाल, तीन एमएम, आठ बाय चार."

एमडीएफही लाकडाच्या धाग्यांचंच, पण त्यात रेझिन घालून धागे चिकटवतात. ते जाड येतं, त्याच्यावर खाचा-नक्षी करता येते, कपाटाची दारं होतात, म्हणून बाजार त्याचा. हार्डबोर्ड त्याच्याहून पातळ आणि घट्ट, पण त्याची दारं कोण करणार? मी शेठना विचारलं की सनमायका हेही कंपनीचंच नाव होतं, ते अजून सगळ्यांच्या तोंडी आहे, कुठल्याही कंपनीची शीट घ्या, सुतार सनमायकाच म्हणतो, मग मेसोनाइट कसं गेलं? ते म्हणाले, "सनमायका दिसतं ना ताई. ग्राहक रंग निवडतो, डिझाइन निवडतो, घरी भांडण होतं. हार्डबोर्ड कोण निवडतं? तो सुतार मागतो." मला हे पटलं. नाव टिकायला भांडण लागतं. हार्डबोर्ड कायम मागे असतो: फोटोच्या फ्रेमची पाठ, आरशाची पाठ, कपाटाची पाठ, ड्रॉवरचा तळ. आमच्या जुन्या व्हॉल्व्हच्या रेडिओची पाठही तपकिरी, भोकाभोकांचीच होती. आतले दिवे तापले की त्या भोकांतून धुळीचा गरम वास यायचा आणि भिंतीवर ठिपक्यांचा उजेड पडायचा. पुढून सागाचं पॉलिश, मागून हे. नागपूरच्या मध्यमवर्गीय घरांची रचनाच ही होती.

आणि तरीही एक गोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. जॅक्सन पोलॉक या अमेरिकी चित्रकाराचं १९४८ सालचं 'नंबर ५' हे चित्र फायबरबोर्डवर रंगवलेलं आहे. माप आठ फूट बाय चार फूट, म्हणजे लकडगंजात मिळते तेवढीच अख्खी शीट, न कापता. २००६ साली ते सुमारे चौदा कोटी डॉलरना विकलं गेल्याची बातमी होती. बाबांना पोलॉक आवडायचा नाही. "रंग सांडलाय" एवढंच म्हणायचे. पण त्यानं शीट कापली नाही, हे त्यांना नक्की खुपलं असतं. आठ बाय चारमध्ये बाबा बारा चित्रं बसवायचे.

पाण्याशी मात्र हार्डबोर्डचं वाकडंच. दाबून बसवलेले धागे पाणी प्यायले की पुन्हा फुगून मूळच्या आकाराकडे जाऊ बघतात, आणि एकदा फुगलेली कड वाळल्यावरही खाली बसत नाही. अमेरिकेत घरांच्या बाहेरच्या भिंतींवर हार्डबोर्डच्या पट्ट्या लावल्या गेल्या, त्या पावसानं फुगल्या, कुजल्या आणि १९९०च्या दशकात प्रकरण कोर्टात गेलं. कूलरच्या बाजूला तो लावणं म्हणजे रोज सोळा तास त्याला पावसात उभं करणं. बाबांना हे कळत नव्हतं असं नाही. ते दर वर्षी पट्टीच्या कडांना जवसाचं तेल पाजायचे. तेव्हा मला ती त्यांची एक लहर वाटायची. पुढे कळलं की कारखान्यातही जास्त टिकाऊ हार्डबोर्ड असाच करतात: वाळत जाणारं तेल, बहुधा जवसाचं, मुरवून तो भट्टीत तापवतात, रंग गडद होतो, पाण्याला दाद देत नाही. विदर्भात जवस म्हणजे तव्यावर भाजून लाल तिखटाबरोबर कुटायची चटणी, ज्वारीच्या भाकरीवर. तेच जवस त्या पट्टीच्या कडेला. त्यांच्या पश्चात तेल पाजायचं कुणाच्या लक्षात राहिलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही त्या पट्टीचं एवढं प्रेम नव्हतं. पुठ्ठा म्हटल्यावर ते उफाळून आलं. बाबांना कॅनव्हासच हवा होता. मेसोनाइट त्यांनी निवडलं नव्हतं, ते त्यांना परवडलं होतं, आणि मग त्यांनी ते इतक्या हट्टानं घासून, लेपून, तेल पाजून वापरलं की आम्हाला ती निवड वाटू लागली. मैत्रिणींच्या घरी खऱ्या कॅनव्हासवरची छापील चित्रं पाहून यायचे तेव्हा मला आमची चित्रं उलटी करून ठेवावीशी वाटायची. आज त्यातली दोन भिंतीवर आहेत. चांगली आहेत का, ते मला अजूनही ठरवता आलेलं नाही. अंबाझरीचं पाणी छान जमलंय. पळस मात्र भडक आहे.

शेठनी शीट कापून द्यायला नकार दिला. घ्यायची तर अख्खी, कापायचं काम सुताराचं. टेम्पोत टाकून आणली तर वाऱ्यानं ती अशी वाजत होती की ड्रायव्हरनं मागे वळून विचारलं, पत्रा आहे का म्हणून. सुतारानं अंगणात, बाबा जिथे स्टुलं मांडायचे त्याच जागी, यंत्राच्या करवतीनं मिनिटभरात पट्टी काढून दिली. उडालेला भुसा तसाच, तांबूस आणि आळशी. कडांना मी तेल पाजलं. जवसाचं तेल रंगाच्या दुकानात मिळालं, किराण्याच्या नाही. उरली मोठी शीट. शेजारची मुलगी यंदा इंटरमिजिएटला बसते आहे, तिला ड्रॉइंग बोर्ड म्हणून एक तुकडा दिला. तिनं लगेच जाळीची बाजू वर घेऊन त्यावर कागद लावला, मी काही बोलले नाही. एक तुकडा भावानं पुण्याला न्यायचं कबूल केलंय, नेईल असं वाटत नाही. आणि राहिलेला अर्ध्याहून मोठा भाग सुतारानंच उचलला, कुणाच्या तरी कपाटाच्या पाठीला लागतो म्हणाला. पैसे पुढच्या आठवड्यात देतो म्हणाला होता. कपाट बसून महिना झाला असेल.